धायरीची विहीर आणि डिमीटर

पुण्याहून परतलं की आमच्या अमरावतीत विचारणाऱ्या तयारच असतात. सारसबागेत गेल्या होत्या का, पर्वती चढल्या का, लक्ष्मी रोडवर काय घेतलं. या खेपेला मी यातलं काही म्हणजे काहीच केलं नाही. पाहिली ती एक विहीर, धायरीतली, दोन उंच इमारतींच्या मधोमध. भिशीच्या दिवशी सांगायला बसले, तर बायकांचा चहा निवून गेला. एक जण म्हणाली, "अहो, हे लिहूनच काढा ना. असं पुणं आम्ही कुठे पाहणार?" म्हणून लिहायला बसले. प्राथमिक शाळेत उभा जन्म गेला माझा, फळ्यावर लिहायची सवय आहे, कागदावर नाही. तेव्हा सांभाळून घ्या.

गुरुवार, विश्रांतवाडी

दसरा होऊन गेला होता, दिवाळी यायची होती. जावयाचा फोन आला. प्रसन्न मूळचा यवतमाळचा, पुण्यात कॉम्प्युटरच्या नोकरीत. बोलणं मोजकं. तो म्हणाला, "आई, शनिवारच्या आत येऊ शकाल का?" कशासाठी ते सांगेना. मी कोथिंबीर निवडून सांबारवड्या तळल्या, डबा भरला, निघाले.

स्टेशनवर तो घ्यायला आला होता. गाडीत बसल्यापासून नुसता "प्रवास कसा झाला" आणि "पाणी हवंय का". येरवडा मागे पडल्यावर एका सिग्नलला त्याने स्टिअरिंगवरचे हात काढले आणि म्हणाला, "आई, केतकी शनिवारी विहिरीत उतरणार आहे. एकटी."

"विहिरीत? पोहायला शिकून राहिली का?"

"नाही हो. तिला कुठे पोहता येतं! पूजा आहे. ग्रीक देवीची. पिकांची देवी आणि तिची मुलगी, आणि तो पाताळाचा राजा. मला पूजेचा प्रॉब्लेम नाहीये आई. कुणाचीही करू दे. पण ती म्हणते, मी खाली जाऊन तिला भेटते. 'भेटून येते' असं नाही म्हणत. मी दोनदा विचारलं."

मागचे हॉर्न वाजवायला लागले. सिग्नल कधीचा हिरवा झाला होता.

इथे मला मागचं सांगायला हवं. होळीच्या सुमारास केतकीला आठवा महिना होता. मुलगी होती. पोटातच गेली. तान्ह्याला आपल्यात अग्नी देत नाहीत, पुरतात. प्रसन्न आणि त्याचा भाऊ जाऊन पुरून आले. केतकी तेव्हा दवाखान्यात होती, तिला दाखवलंही नाही. दहावा नाही, तेरावा नाही, पान वाढणं नाही. ज्याचं बारसं झालं नाही त्याचं काय करायचं, हे आपल्या कुठल्या पोथीत धड सापडत नाही. मग सगळे गप्प बसतात. तसे आम्हीही बसलो.

आणि विहीर! माझ्या आजोळच्या गावी विहिरींना नावं होती, आणि कुठल्या विहिरीत कोण बाई गेली हे आम्हा पोरींना शाळेत जायच्या आधीपासून पाठ होतं. तिन्हीसांजेला त्या बाजूला फिरकायचं नाही, एवढंच मोठ्या बायका सांगायच्या. प्रसन्नने 'विहीर' म्हटलं आणि मला त्या बायकांची नावं एकेक करून आठवायला लागली.

दार केतकीनेच उघडलं. बाप्पा, काय ते रूप! गळ्याची हाडं वर आलेली, गाऊन खांद्यावरून घसरत होता. "आलीस?" म्हणाली आणि माझ्या हातातली पिशवी घेतली. रडली असती, भांडली असती तर बरं वाटलं असतं मला. ती अगदी शांत होती. मला त्या शांतपणाचीच भीती वाटली.

बाळासाठी म्हणून एक छोटी खोली रिकामी केलेली होती. छताला पाळण्याचा हूक तसाच. तिथे फळीवर मातीची एक बाई बसवली होती, हातात ज्वारीचं कणीस. ती डिमीटर, धान्याची आई. तिच्या शेजारी एक पोरसवदा मूर्ती, ती तिची लेक, पर्सेफनी. आणि पाताळाच्या राजाचं ठाणं खाली, फरशीवर. मूर्ती नाही, नुसतं काळं फडकं आणि एक रिकामी वाटी. केतकी संध्याकाळी तिथे बसली. आपण देवापुढे हात जोडतो, ती जमिनीवर तळहात टेकवून बसते. मग थापट्या मारते फरशीवर, खालच्यांना हाक म्हणून. खालच्या मजल्यावरच्या काकू एकदा वर येऊन विचारून गेल्या होत्या म्हणे, "रोज संध्याकाळी काय कुटता हो?"

मी सांबारवडी ताटलीत काढून तिच्यापुढे धरली. या पोरीने लहानपणी डब्यातून चोरून खाल्लेली वडी आहे ही.

"उपास आहे आई."

"कशाचा? आज तर काहीच नाही."

"तिचा. मुलगी नेली तेव्हा डिमीटरने काही खाल्लं नव्हतं. शनिवारी सोडणार."

"विहिरीत उतरून सोडणार?"

तिने प्रसन्नकडे पाहिलं. तो मोबाइलमध्ये डोकं घालून बसला. "तर यासाठी तुला बोलावलंय," ती म्हणाली.

"मी आई आहे तुझी. मला कुणी बोलवावं लागत नाही. आणि सांगून ठेवते केतकी, त्या विहिरीत तू उतरायचं नाही!"

"तू थकून आलीयेस. आंघोळ कर, गीझर लावलाय," ती म्हणाली, आणि आत निघून गेली. दार लावलं नाही, नुसतं लोटलं. जेवणं झाल्यावर मी हॉलमध्ये गादी घातली ती बरोबर बाहेरच्या दाराला आडवी. प्रसन्नने पाहिलं आणि आणखी एक उशी आणून दिली.

शुक्रवार, नारायण पेठ

हे सगळं जिच्याकडून आलं ती बाई नारायण पेठेत राहते, एवढं प्रसन्नकडून काढून घेतलं. वसुधाताई नाव. तरुणपणी परदेशात राहून ग्रीक शिकलेल्या, मग इथे भाषा शिकवल्या, आता घरी असतात. त्यांच्याकडे पाच-सहा बायका जमतात, जुनी स्तोत्रं वाचतात आणि चंद्राची तिथी पाहून या देवतांचं करतात. कुणाच्या नोकऱ्या आहेत, कुणी घर सांभाळतात. प्रसन्न ऑफिसला गेला नाही, केतकीपाशी घरी थांबला, आणि मी रिक्षा करून निघाले. रस्ताभर तोंडातल्या तोंडात भांडणाची तालीम केली. रिक्षावाला आरशात बघत होता. त्याने मला भलत्याच बोळाच्या तोंडाशी सोडलं, तिथून विचारत विचारत, स्कूटर चुकवत पोचेपर्यंत तालमीतली निम्मी वाक्यं विसरले.

दार उघडलं. पांढरे, बारीक कापलेले केस, सुती साडी, चष्मा दोरीला. मी म्हटलं, "मी केतकीची आई. अमरावतीहून आले."

"चप्पल बाहेर काढा," त्या म्हणाल्या. "राग आत आणलात तरी चालेल."

बसायला खुर्ची दिली, चहाचं विचारलं नाही. त्याऐवजी पेला आला. आत जवाचं पाणी आणि पुदिन्याची पानं. डिमीटरने लेक शोधताना वाइन नाकारून हेच मागून घेतलं होतं म्हणे. मला आपलं सातूचं पीठ आठवलं, गुळाच्या पाण्यात कालवून उन्हाळ्यात पितो ते. पण त्यात गूळ असतो. यात काही नव्हतं.

"मला गोष्ट सांगा पुरती," मी म्हटलं. "मग भांडते."

त्यांनी सांगितली. डिमीटरची लेक कुरणात फुलं तोडत होती. जमीन फाटली, पाताळाचा राजा हेडीस आला आणि तिला घेऊन गेला. बापाचं संगनमत होतं. आईला कुणी काही सांगेना. ती अन्नपाणी टाकून मुलखभर फिरली, आणि शेवटी म्हातारीच्या वेशात एका गावच्या विहिरीपाशी जाऊन बसली. तिने ठरवलं, लेक मिळेपर्यंत जमिनीतून एक दाणा उगवू देणार नाही. माणसं उपाशी मरायला लागली तेव्हा देवांना जाग आली. लेकीला परत पाठवलं. पण निघताना हेडीसने तिला डाळिंबाचे दाणे खायला दिले होते. तिथलं अन्न खाल्लं की तिथलं व्हावं लागतं. म्हणून ती वर्षातला काही काळ खाली जाते. त्या काळात शेतं उघडी पडतात.

खोटं कशाला बोलू, गोष्टीने मला धरलं. बापाचं संगनमत आणि आईला कुणी सांगेना, इथे तर मी पेलाच खाली ठेवला. पण मी गोष्ट ऐकायला गेले नव्हते.

"हे विहिरीचं काय काढलंय?" मी विचारलं.

"पेरणीच्या तोंडावर बायकांचं एक व्रत असे तिकडे. पुरुषांना बंदी. काही बायका जमिनीतल्या खड्ड्यात उतरायच्या, आधी तिथे सोडलेला नैवेद्य वर आणायच्या, तो बियाण्यात मिसळून पेरायच्या. आम्ही धायरीच्या विहिरीत करतो. पायऱ्यांची आहे. दर वर्षी एक जण उतरते. या वर्षी केतकीने मागून घेतलं."

"तुमची मुलगी असती तर उतरवली असती का?"

"मला मूल नाही. तेव्हा हा प्रश्न इथे चालत नाही. दुसरा विचारा."

माझं डोकं फिरलं. "मग हा घ्या दुसरा! ती वर येईल याची खात्री आहे का तुम्हाला?"

वसुधाताईंनी चष्मा काढला. पदराने पुसला. मला वाटलं, आता देवीचं काहीतरी सांगतील, श्रद्धेचं सांगतील.

"नाही," त्या म्हणाल्या. "खात्री नाही."

"मग?"

"मग दोर आहे. विहिरीची मालकीण आहे, ती पट्टीची पोहणारी आहे. आम्ही आहोत. आता तुम्ही आहात. मी तिला नाही म्हणाले असते, तर ती कुठे गेली असती ते तुम्हाला माहीत आहे का? मला माहीत नाही. ही विहीर निदान ठाऊक आहे."

मी खुर्ची पुढे ओढली.

"मी येणार उद्या," एवढं म्हटलं.

"यायलाच हवं. आईची जागा असते तिथे. विहिरीच्या काठावर दगड आहे, त्यावर बसायचं. काही खायचं नाही. हाक मारायची नाही. उतरायचं नाही. ती येईपर्यंत बसायचं."

"आणि नाही आली तर?"

"पेला तसाच ठेवू नका," त्या म्हणाल्या. "पुदिना उष्टा टाकत नाहीत आमच्याकडे." पण तो पेला माझ्या हातात देताना त्यांनी पुन्हा विचारलं, "उद्या नक्की याल ना?" तेव्हापासून मला ती बाई आवडायला लागली आणि भीती दुप्पट झाली.

शनिवार, धायरी

सकाळी केतकीने न्हाऊन केस मोकळे सोडले. मी मागे उभी राहून विंचरून दिले. तिने विंचरू दिले. गुंतवळ इतकी निघाली की मी ती मुठीत लपवली.

सिंहगड रोडची गर्दी तुम्हाला ठाऊक असेल, नसेल तर बरंच आहे. गाडी इंचाइंचाने सरकत होती. केतकीच्या मांडीवर पितळी ताट, त्यात डाळिंब, पणती, ज्वारीच्या पिठाचा एक उंडा. कुणी बोलत नव्हतं. एकदा प्रसन्नने रेडिओ लावला, कुणीतरी फ्लॅटची जाहिरात करत खिदळलं, त्याने लगेच बंद केला.

धायरी कधी काळी गाव होतं. आता गल्ल्यांना गावाचा वळसा उरलाय आणि दोन्ही बाजूंना इमारती. एका इमारतीच्या पार्किंगमागून वाट गेली, तिथे पत्र्याचं फाटक, आणि आत एकदम काळी, नांगरलेली जमीन. एवढीशी. चारी बाजूंच्या गॅलऱ्यांत वाळत घातलेले कपडे. मधोमध ती विहीर, दगडी, चौकोनी, एका अंगाने पायऱ्या. मालकीण कौसाआत्या. त्यांच्या दिरांनी आपापली रानं बिल्डरांना दिली, या बाईने आपला तुकडा दिला नाही.

वसुधाताई आणि त्यांच्याकडच्या बायका आधीच आल्या होत्या. प्रसन्नला फाटकाबाहेर थांबवलं. पुरुषांना बंदी. तो गाडीला टेकून उभा राहिला, आणि त्याचं तोंड बघवेना.

काठावर शेंदूर फासलेले सात दगड होते. कौसाआत्या म्हणाल्या, "ह्या आमच्या साती आसरा. पाण्याच्या बाया. आधी त्यास्नी हळदकुंकू वाहा, मग तुमच्या देवीचं काय ते करा." वसुधाताईंनी मुकाट्याने वाहिलं. मग आत्यांनी केतकीला वरपासून खालपर्यंत पाहिलं. "हीच का जाणार? पव्हायला येतंय का हिला?"

"नाही," मी म्हटलं.

"पानी लई हाय औंदा. दोन पुरुष तरी खोल आसंल. शेवटाच्या पायऱ्या शेवाळल्यात." असं म्हणून त्यांनी पदर खोचला आणि दोराचं वेटोळं उचलून आपल्या पायाशी घेतलं.

बायकांनी जमिनीवर तळहात थापटले. वसुधाताईंनी त्या भाषेत काहीतरी म्हटलं. मला त्यातलं 'मा' तेवढं ऐकू आलं, किंवा मला तसं वाटलं. केतकीने पणती लावली. ताट घेतलं आणि उतरायला लागली. पहिल्या वळणाला तिची पाठ दिसली, मग केस, मग काहीच नाही. पायऱ्या तिथून भिंतीआड वळत होत्या.

मी दगडावर बसले. दुपारचं ऊन डोक्यावर. वरच्या कुठल्यातरी गॅलरीत कुकरच्या शिट्ट्या होत होत्या. कुणाच्या घरी भात शिजत होता आणि माझी मुलगी खाली होती. मी कान देऊन ऐकत होते. तिच्या पायातलं जोडवं दगडाला लागायचं, तेवढा आवाज येत होता. मग तोही थांबला. मी वसुधाताईंकडे पाहिलं. त्यांची नजर पायऱ्यांच्या वळणावर होती. कौसाआत्या पाण्याकडे बघत होत्या, हातात दोर. किती वेळ गेला मला सांगता येणार नाही. माझ्या मनात एकच चाललं होतं, की मी गप्प कशी बसले आहे? कुणाच्या कुठल्या देशातल्या नियमासाठी?

आणि डुबुक्कन आवाज आला.

मी उठले कधी, चार पायऱ्या उतरले कधी, काही कळलं नाही. मागून वसुधाताई म्हणाल्या, "अहो, थांबा..." आणि त्यांच्यावर कौसाआत्यांचा आवाज, "जाऊ द्या वो तिला! आई हाय ती."

माझे गुडघे म्हणजे घरचा जिना चढताना देव आठवतात. त्या दिवशी भिंतीला हात लावत, कुठे बसत, कुठे घसरत मी उतरले. आत गारवा होता, शेवाळाचा वास. वळण संपलं आणि ती दिसली. शेवटून दुसऱ्या पायरीवर बसलेली, पाय घोट्यापर्यंत पाण्यात. पिठाचा उंडा तिने पाण्यात सोडला होता. त्याचाच तो आवाज. पाण्यावर अजून वर्तुळं होती.

"तुला वर बसायला सांगितलं होतं ना," ती म्हणाली.

मी तिच्या अंगावरून खाली उतरले आणि तिच्या पुढच्या पायरीवर जाऊन बसले, पाण्यात, साडीसकट. आता पाण्यात जायचं तर तिला मला ओलांडून जावं लागलं असतं. तिलाही ते कळलं. डाळिंब तिने मांडीवर फोडलं होतं. दाणे सोडवून ओंजळीत घेतले, डोळे मिटून काहीतरी पुटपुटली, आणि हात पुढे केला, पाण्यावर सोडायला म्हणून. पण मध्ये मी होते. तिचा तो भरला हात माझ्या तोंडासमोर आला.

आता तुम्हीच सांगा, पूजा झाल्यावर कुणी भरला हात पुढे केला तर आपण काय करतो? माझा उजवा हात डाव्यावर आपसूक आला, चिमूटभर दाणे घेतले, डोळ्यांना लावले आणि तोंडात टाकले. सकाळपासून पोटात काही नव्हतं. गोड लागले.

"आई!" केतकी किंचाळली. "थुंक! थुंक ते आधी!"

"अगं, प्रसाद..."

"प्रसाद नाहीये तो! खालच्यांचं आहे ते, सगळंच्या सगळं त्यांचंच असतं, जिवंत माणसानं एक दाणा खायचा नसतो! थुंक ना गं!"

उरलेले दाणे पाण्यात सांडले. तिने एका हाताने माझा जबडा धरला आणि दुसऱ्या हाताची बोटं माझ्या तोंडात घातली. मी तिला अशीच धरायची, ती खडू खायची तेव्हा. तिच्या हातात किती जोर होता! मला ठसका लागला, डोळ्यांतून पाणी आलं, पण दाणे गेले होते पोटात.

"आता जावं लागतं," ती म्हणाली. रडायला लागली होती, मोठ्याने, नाक वाहत होतं, होळीपासून मी तिला असं रडताना पाहिलं नव्हतं. "खाल्लं की जावं लागतं. तू नाही जायचं. आई, तू नाही जायचं तिकडे. अजून कुणी नाही जायचं."

तिने माझे दोन्ही खांदे असे धरले होते, जशी मीच पाण्यात पडून राहिले आहे. आणि मला एकदम हायसं वाटलं. सांगते अगदी, त्या थंड पाण्यात बसून मला हसू येईल की काय वाटलं. मला ओढून काढायला जी एवढी धडपडते, ती स्वतः जायला निघालेली नाही.

"बरं, खाल्ले ते खाल्ले," मी म्हटलं. "आता काय करता? मला तसंही कधीतरी जायचंच आहे."

"असं बोलू नकोस."

"ऐक तर. मी गेले की तिथे तिला बघेन ना. तेल लावेन, न्हाऊ घालेन. माझ्या हातची न्हालेली पोरं कशी झोपतात, तुला माहीत आहे. तिच्याजवळ आपलं कुणीतरी असेल. पण केतकी, तिथे किती लेकरं असतील गं. मी तिला कधी पाहिलेलं नाही. तूही नाही. मी तिला ओळखू कशी? हाक काय मारू?"

ती रडायची थांबली. पणती तिच्या शेजारच्या पायरीवर जळत होती. वरून कुणीतरी वाकून पाहत होतं, त्याची सावली पाण्यावर पडली आणि सरकली.

"नाव ठेवलं होतंस ना तू?" मी विचारलं. "पोटात होती तेव्हाच ठेवलं असशील."

तिने हो म्हणून मान हलवली. मग माझ्या कानाशी वाकून सांगितलं. फार सुंदर नाव आहे. इथे लिहीत नाही, ते तिचं आणि प्रसन्नचं आहे, आणि तोवर तिने त्यालाही सांगितलेलं नव्हतं.

मी पाण्याकडे तोंड केलं. दिवेलागणीला अंगणातून पोरांना घरात बोलवायची एक हाक असते, गल्लीच्या टोकापर्यंत जाणारी. माझी ती हाक अजून शाबूत आहे. त्या हाकेने मी नातीला नावाने बोलावलं. लाजले नाही. वरच्या गॅलऱ्यांतल्या लोकांनीही ऐकलं असेल, ऐकोत बापडे.

तान्ह्या बाळाला कुणी हाक मारली, तर बाळाच्या वतीने ओ त्याची आई देते, बारीक आवाज काढून. अमरावतीत देतात, पुण्यात देतात, त्या डिमीटरच्या देशातही देत असतील. माझ्या मागे तिचे पाय पाण्यात हलले. मग बारीक आवाजात केतकी म्हणाली, "ओ."

मी वळले नाही. तिने पुन्हा एकदा दिली. मग मला मागून मिठी मारून बसून राहिली, माझी पाठ तिच्या गालाने ओली झाली.

थोड्या वेळाने म्हणाली, "आई, साडी भिजली तुझी सगळी. चल, वर जाऊ. प्रसन्न उन्हात उभा असेल."

"तू हो पुढे."

"नको. गुडघे बघ तुझे, शेवाळ आहे. तू पुढे हो, घसरलीस तर धरायला मी मागे आहे."

म्हणजे पाण्याच्या बाजूला ती. आल्यापासून मी ज्यासाठी धडपडत होते, त्याच्या नेमकं उलट. मी तिच्याकडे पाहिलं. तिने ताट उचललं, पणती तिथेच राहू दिली, आणि माझ्या पाठीवर हात ठेवला.

मी पुढे झाले. भिंत धरून एकेक पायरी चढले, आणि मागे तिचं जोडवं दगडावर वाजत माझ्यामागून येत राहिलं.